‘नाही’ तरी लेखी द्या

(युवा शिबिरात केलेल्या भाषणाचा मजकूर. बोलण्यातला सूर शक्य तितका तसाच ठेवला आहे.)

सुरुवातीलाच एक प्रश्न विचारतो. तुमच्यापैकी किती जणांच्या घरचा सातबारा अजून आजोबांच्या नावावर आहे? लाजू नका, हात वर करा. बघा, निम्म्याहून जास्त हात वर आहेत. आता ज्यांनी नाव बदलण्यासाठी अर्ज केलाय त्यांनीच हात वर ठेवा. बरेच हात खाली गेले. आणि त्या अर्जाची पोच ज्यांच्याकडे आहे तेवढेच ठेवा. तीन. चला, तीन तरी आहेत.

अर्ज करूनही सरकारी कार्यालय हलत नसेल तर कोर्टात काय मागता येते, हा मला दिलेला विषय आहे. मी वकील आहे, पण आज कलमांची यादी वाचून दाखवणार नाही. आमच्या घरची गोष्ट सांगतो. मी हा विषय पुस्तकाच्या आधी घरात शिकलो.

माझे आजोबा २००८ साली वारले. शेत साडेसहा एकर, कोरडवाहू. मागे तीन मुले: बडे अब्बा, माझे अब्बा आणि फुफी. फुफी लवकर विधवा झाली, शिलाईवर घर चालवायची. २०११ साली तिने वारस नोंदीसाठी तलाठ्याकडे अर्ज दिला आणि तिघांचीही नावे लावा म्हणाली. बडे अब्बांनी हरकत घेतली. ‘निकाहच्या वेळी तिला सगळे दिले, तिने तेव्हाच तोंडी हक्क सोडला,’ असे त्यांचे म्हणणे. माझे अब्बा काहीच बोलले नाहीत. ना हरकत घेतली, ना फुफीच्या बाजूने जबाब दिला. हे सांगायला मला आजही जड जाते, पण तुम्हाला कायदा सांगायचा आणि घरातले झाकून ठेवायचे, हे जमणार नाही.

हरकत आली की काय होते? फेरफार नोंदवही म्हणजे गाव नमुना ६. हरकतीचे प्रकरण वादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत जाते, तो नमुना ६ अ. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५० प्रमाणे अशा वादाचा निकाल शक्यतो एका वर्षात लागला पाहिजे. ‘शक्यतो’ हा शब्द कायद्यातच आहे आणि त्या एका शब्दाच्या आडोशाला आमची फाईल चार वर्षे झोपली. तारखा पडायच्या. साहेब दौऱ्यावर, साहेब निवडणुकीच्या कामात, साहेबांची बदली. नवे साहेब आले की पुन्हा पहिल्यापासून. फुफी दर तारखेला एसटीने जायची, डब्यात चपाती न्यायची आणि संध्याकाळी परत यायची.

एक गोष्ट न्यायाने सांगितली पाहिजे. तलाठ्याकडे एका सजात अनेक गावे असतात, आणि तहसील कार्यालयात निवडणुकीपासून दुष्काळापर्यंत सगळी कामे येऊन पडतात. प्रत्येक दिरंगाई लाचेसाठीच असते असे मी मानत नाही. पण फुफीच्या चार वर्षांना त्याने काही फरक पडत नाही.

मी तेव्हा कायद्याच्या दुसऱ्या वर्षाला होतो. अपील करू म्हणून मोठ्या ऐटीत संहिता उघडली. कलम २४७ खाली अपील आहे आणि मुदतही दिलेली आहे. मग लक्षात आले की अपील करायचे तर आदेश लागतो, आणि आमच्याकडे तर आदेशच नव्हता. अर्ज फेटाळला असता तर वरच्या अधिकाऱ्याकडे जाता आले असते. मंजूर झाला असता तर प्रश्नच मिटला असता. पण ‘विचाराधीन आहे’ या उत्तरावर अपील होत नाही. नुसते पडून राहणे हा असा नकार आहे की ज्याच्यावर कोणाची सही नसते. फुफीला हे समजावून सांगितले तर ती आमच्या घरच्या बोलीत म्हणाली, ‘नै बोलना है तो बोलने दे बेटा, पन कागज पे लिख के दे.’ पुढे प्रॅक्टिसमध्ये मी शेकडो पाने युक्तिवाद लिहिले असतील, पण या वाक्याच्या पुढे फारसा गेलो नाही.

कारण संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालची परमादेशाची याचिका म्हणजे नेमके हेच. इंग्रजीत मॅन्डॅमस म्हणतात. ज्या अधिकाऱ्यावर कायद्याने एखादे काम करण्याचे कर्तव्य टाकले आहे आणि तो ते करत नाही, त्याला उच्च न्यायालय सांगते की तुझे काम कर. इथे आपली पोरे एक चूक करतात. त्यांना वाटते कोर्ट जमीन नावावर करून देईल. तसे होत नाही. कोर्ट अधिकाऱ्याला निर्णय घ्यायला लावते. निर्णय कोणता घ्यायचा, हे साधारणपणे त्याच्यावरच सोडते.

याचा फरक कब्रस्तानाच्या अर्जात चांगला दिसतो. कितीतरी गावांची मागणी असते की सरकारी जमिनीतून दफनभूमीला जागा द्या. ही जागा देणे सरकारच्या विवेकाधीन आहे. गायरान असेल तर प्रकरण आणखी अवघड. २०११ च्या जगपाल सिंह निकालात सर्वोच्च न्यायालयाने गावाच्या सामाईक जमिनी राखण्यावर जोर दिला, तेव्हापासून अधिकारी अशा फाईलला हात लावायला कचरतात. म्हणून ‘आम्हाला ही गट नंबरची जागा द्या’ अशी याचिका केलीत तर बहुधा टिकणार नाही. ‘आमच्या अर्जावर अमुक आठवड्यांत कारणांसह निर्णय द्या’ ही मागणी टिकते. छोटी वाटते, पण कारणे लेखी आली की ती तपासता येतात. कारण बेकायदा असेल, भेदभावाचे असेल, तर त्याला आव्हान देता येते. न लिहिलेल्या कारणाला आव्हान कसे देणार?

मग सरळ उच्च न्यायालयात जायचे का? नाही. आधी तिथे न जाता काम होते का ते पाहायचे. आणि पाहिलेत हे दाखवणारे कागदही लागतात, कारण न्यायमूर्तींचा पहिला प्रश्न तोच असतो.

पहिला कागद पोच. संहितेच्या कलम १४९ प्रमाणे वारसाने किंवा हक्क मिळवणाऱ्याने तीन महिन्यांत तलाठ्याला कळवायचे असते आणि तलाठ्याने लेखी पोच द्यायची असते. तो मेहरबानी करत नाही, त्याचे ते कर्तव्य आहे. ‘पोच कशाला, मी आहे ना’ असे गोड बोलणारा भेटला तर त्याच्यासमोर गोड हसा आणि अर्ज आवक शाखेत द्या किंवा पोस्टाने नोंदणीकृत पाठवा. आवक क्रमांक नसलेला अर्ज म्हणजे तुमच्या आणि तुमच्या रबच्या मधली गोष्ट. कोर्टाला ती ठाऊक नसते.

दुसरे म्हणजे सेवा हक्क कायदा. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५. तुमचे काम अधिसूचित सेवांच्या यादीत असेल तर त्याला ठरलेली मुदत असते. मुदत टळली की पहिले अपील त्याच खात्यात, मग दुसरे, मग राज्य सेवा हक्क आयोग. पुरेसे कारण नसताना उशीर करणाऱ्याला ५०० ते ५००० रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. रक्कम मोठी नाही, पण ती अधिकाऱ्याच्या खिशातून जाते, म्हणून टोचते. अर्ज करण्यापूर्वी तुमची सेवा यादीत आहे का ते बघा. वादात सापडलेला फेरफार आणि साध्या उताऱ्याची नक्कल या एक गोष्टी नाहीत.

याच्या शेजारी २००५ चा कायदा आहे, ज्याला आपण दप्तर दिरंगाई कायदा म्हणतो. त्याच्या कलम १० प्रमाणे एका कर्मचाऱ्याकडे फाईल साधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त राहू नये, दुसऱ्या विभागाकडे जावे लागत नसेल तर ४५ दिवसांत आणि जावे लागत असेल तर तीन महिन्यांत निर्णय व्हावा. व्हॉट्सअ‍ॅपवर या कायद्याचे फार कौतुक फिरते. पण कलम ११ मधले अपवाद कोणी वाचत नाही. अर्धन्यायिक प्रकरणे त्यातून वगळली आहेत. फुफीसारखा हरकत आलेला फेरफार म्हणजे अधिकारी न्यायाधीशासारखा दोन्ही बाजू ऐकून निकाल देतो. तिथे हा सात दिवसांचा दाखला दिलात तर सरकारी वकील एका वाक्यात तुम्हाला खाली बसवेल. तिथे कलम १५० मधले एक वर्ष दाखवा. तुमच्या अर्जाला कोणते घड्याळ लागू आहे, हे आधी ठरवा.

आणि माहितीचा अधिकार. दहा रुपयांचा अर्ज, ३० दिवसांत उत्तर. इथे मी जरा रेंगाळणार आहे, कारण आमचे प्रकरण उभे राहिले ते यावरच. बहुतेक जण विचारतात, ‘माझे काम का झाले नाही?’ ‘का’ विचारू नका. माहिती म्हणजे नोंदीत असलेली गोष्ट. मत किंवा खुलासा देण्याचे बंधन त्यांच्यावर नाही. आम्ही विचारले: अमुक आवक क्रमांकाचा अर्ज कोणत्या तारखेला कोणाकडे गेला? प्रत्येकाकडे किती दिवस होता? प्रत्येकाने काय शेरा लिहिला? संपूर्ण टिपणी आणि रोजनाम्याच्या छायांकित प्रती द्या. उत्तर आले तेव्हा मी ते जमिनीवर पसरून वाचले. चार वर्षांत एकूण १९ तारखा. त्यातल्या ११ तारखांना रोजनाम्यात एकच ओळ होती, ‘अर्जदार हजर, प्रकरण पुढे ठेवले.’ अर्जदार हजर. माझी फुफी प्रत्येक वेळी हजर होती आणि त्यांनी स्वतःच्या हाताने तसे लिहून ठेवले होते. यापेक्षा चांगला पुरावा मला बनवता आला नसता.

एक पायरी अजून राहते, लेखी मागणी. परमादेश मागण्यापूर्वी तुम्ही कर्तव्य पार पाडण्याची स्पष्ट मागणी केली होती आणि ती नाकारली किंवा दुर्लक्षिली गेली, हे दाखवावे लागते. हा न्यायालयांचा जुना नियम आहे. म्हणून एक पानाचे निवेदन: अर्ज कधी दिला, कोणत्या कलमाखाली, किती काळ झाला, अमुक दिवसांत निर्णय द्या. शिव्या नाहीत, शेर नाहीत.

पैशांचे काय, असे तुम्ही विचाराल. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना उत्पन्न कितीही असले तरी मोफत वकील मिळू शकतो. अनुसूचित जाती-जमाती, अपंग व्यक्ती, औद्योगिक कामगार आणि ठरलेल्या मर्यादेपेक्षा कमी उत्पन्न असणाऱ्यांनाही मिळतो. उच्च न्यायालयाच्या पातळीवरही विधी सेवा समिती असते. फुफीला वकील तिथूनच मिळाला. चांगला मिळाला. फुकटचा वकील काम करत नाही ही समजूत मी तेव्हाच सोडली. तुम्ही कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी किंवा सिंधुदुर्गचे असाल तर ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंच सुरू झाले आहे, मुंबईची रात्रीची गाडी वाचली. बाकीच्यांना मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर.

याचिकेत आम्ही बडे अब्बांनाही प्रतिवादी केले. घरात वादळ झाले. पण ज्याच्या हक्कावर परिणाम होईल त्याला न ऐकता आदेश मागणे चूक आहे, आणि कोर्टही तसे करू देत नाही. त्यांची हरकतही आम्ही जशीच्या तशी जोडली. लपवले काहीच नाही. रिट हा न्यायालयाच्या विवेकातला उपाय आहे. एखादा कागद दडवला आणि तो समोरच्याने काढून दाखवला, तर तुमची बाजू खरी असूनही याचिका जाते.

सुनावणी किती वेळ चालली असेल? चहा गार व्हायच्या आत संपली. आमच्या वकिलांनी रोजनामा दाखवला. सरकारी वकिलांनी थोडा वेळ मागितला. आदेश दोन परिच्छेदांचा: तहसीलदारांनी दोन्ही बाजू ऐकून आठ आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय द्यावा, गुणवत्तेवर आम्ही कोणतेही मत व्यक्त केलेले नाही. फुफीने विचारले, ‘बस इतनाच?’ मी म्हटले, इतकेच.

प्रमाणित प्रत मिळताच ती तहसील कार्यालयात देऊन पोच घेतली. हे विसरू नका. आदेश झाला तरी तो आपोआप टेबलावर पोचत नाही. मुदत संपूनही काही झाले नाही तर अवमान याचिका असते, पण तिलाही १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यात एक वर्षाची मर्यादा आहे. आम्हाला गरज पडली नाही. सातव्या आठवड्यात निकाल आला.

अर्ज फेटाळला.

घरात मातम पसरला. आणि मी, खोटे सांगत नाही, पेढे आणले. अम्मी म्हणाली याचे डोके फिरले. पण पाच पानांचा सही-शिक्क्याचा आदेश आमच्या हातात होता. त्यात लिहिले होते की अर्जदाराने विवाहावेळी तोंडी हक्क सोडल्याचे दिसते. आता आम्हाला ठाऊक होते की नेमके काय खोडून काढायचे आहे. निकाह झाला तेव्हा आजोबा हयात होते. बाप जिवंत असताना मुलाला किंवा मुलीला वारसा म्हणून त्याच्या जमिनीत हक्कच उत्पन्न होत नाही, असते ती फक्त आशा. आपल्याकडे मुस्लिम कायद्यात जन्माने मिळणारा हिस्सा नाही. मग जो हक्क जन्मलाच नव्हता तो फुफीने सोडला कसा? काही मोबदला घेऊन तिने तसे कबूल केले असते तर वाद वेगळा झाला असता, आणि त्या मुद्द्यावर १९७३ चा गुलाम अब्बास हा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आहे. तसा एकही पुरावा नव्हता. दहेजाची भांडी म्हणजे साडेसहा एकरांचा मोबदला, असे बडे अब्बांच्या वकिलांनीही म्हटले नाही. ६० दिवसांच्या आत उपविभागीय अधिकाऱ्यांकडे अपील केले. त्यांनी आठ महिन्यांनी आदेश रद्द केला आणि तिन्ही वारसांची नावे लावायला सांगितली. त्या अपिलात माझ्या अब्बांनी पहिल्यांदा प्रतिज्ञापत्र दिले. बहिणीच्या बाजूने. पाच वर्षे उशिरा, पण दिले.

सातबाऱ्यावर नाव लागले म्हणजे सगळे संपले का? नाही. कलम १५७ प्रमाणे नोंद खरी असल्याचे गृहीत धरले जाते, पण उलट सिद्ध होईपर्यंतच. फेरफाराने मालकी मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितले आहे. हिश्शाचा खरा वाद दिवाणी न्यायालयातच सुटतो. पण नाव लागले की पीक कर्ज, विमा, नुकसानभरपाईची नोटीस, सगळे तुमच्या दारात येते. आणि मुख्य म्हणजे तुमच्या पाठीमागे जमीन विकणे अवघड होते.

दिरंगाई सरकारने केली आणि झोपलात तुम्हीही, तर काय? सी. जेकब प्रकरणात २००८ साली सर्वोच्च न्यायालयाने बजावले की जुन्या, मेलेल्या दाव्यावर नवे निवेदन देऊन तो जिवंत करता येत नाही. पण याच्या उलट बाजूही आहे. तुकाराम काना जोशी यांचे प्रकरण महाराष्ट्रातलेच. १९६४ च्या अधिसूचनेनंतर औद्योगिक विकासासाठी जमीन गेली आणि नीट संपादनही नाही, मोबदलाही नाही. उच्च न्यायालयाने उशीर झाला म्हणून फेटाळले. २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने ते मान्य केले नाही. गरीब, अशिक्षित माणसाची जमीन कायद्याशिवाय घेऊन सरकारच त्याला ‘उशीर केलास’ म्हणू शकत नाही. २०२० च्या विद्या देवी प्रकरणातही तेच झाले. हिमाचलमधल्या एका वृद्ध विधवेची जमीन १९६७-६८ मध्ये रस्त्यासाठी घेतली होती, तिला भरपाई मिळाली. २०२४ मध्ये कोलकाता महानगरपालिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अनुच्छेद ३००-अ उलगडून सांगितला, आणि संपादनाची प्रक्रिया कार्यक्षमतेने व वेळेत पार पडणे हाही मालमत्तेच्या हक्काचाच भाग मानला. हे निकाल संपादनाचे आहेत, वारस नोंदीला ते जसेच्या तसे चिकटवू नका. पण याचिका लिहिताना हाताशी ठेवा.

आणि ज्यांना राग फार येतो त्यांच्यासाठी १९९३ चा लखनौ विकास प्राधिकरण विरुद्ध एम. के. गुप्ता. सार्वजनिक पदावरच्या माणसाने छळ केला तर भरपाई द्यावी लागेल, आणि ती जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करावी, असे त्यात म्हटले आहे. प्रत्यक्षात असे क्वचितच घडते. पण निवेदनात या निकालाचा उल्लेख आला की फाईल थोडी हलते, असा माझा अनुभव आहे.

एक बोलायचे राहिले, आणि ते सरकारबद्दल नाही. माझ्याकडे येणाऱ्या वारस नोंदीच्या अर्जांमध्ये बहिणींची नावे गाळलेली असतात. भाऊ सांगतात, ‘तिला काही नको आहे.’ मी म्हणतो, तिला घेऊन या, माझ्यासमोर सांगू दे. बहुतेक परत येत नाहीत. मग पुढे ती बहीण हरकत घेते, प्रकरण ६ अ मध्ये जाते आणि हेच भाऊ मला येऊन सरकारी दिरंगाईवर भाषण देतात.

फुफी आता ७१ वर्षांची आहे. तिच्या वाट्याच्या तुकड्यात यंदा तूर आहे. विभागणीचा अर्ज कलम ८५ खाली दिला आहे, त्याला सात महिने झाले. पोच माझ्या पाकिटात आहे. त्या तिघांनी आपापल्या पोच सोबत आणल्या असतील तर जेवणानंतर मागच्या खोलीत या, आपण आधी तारखा बघू.